डोळ्यातलं पांढरं

अभ्यासिकेत ट्यूबलाइट चोवीस तास.
तिच्याखाली आम्ही सगळ्याच जरा विटलेल्या दिसतो,
म्हणून आठ दिवस कुणाच्या लक्षात आलं नाही.
मलाही वाटलं, जागरण.
लघवीचा रंग बघून वाटलं, पाणी कमी पडतंय,
आणि बाटली भरून घेतली
त्याच टाकीतून.

दैवशालाने पाहिलं.
सकाळी गच्चीवर, दोरीवरचे कपडे काढता काढता
तिने माझी हनुवटी धरली, उन्हाकडे वळवली,
पापणी अंगठ्याने खाली ओढली
(तिचे वडील केजच्या बाजारात शेळ्या अशाच बघून घेतात)
आणि म्हणाली,
अगं, डोळ्यातलं पांढरं कुठं गेलं तुझं?

रिपोर्टवर आकडा आला. नऊ पॉइंट चार.
पूर्वपरीक्षेत दीड मार्काने राहिले होते मी.
इथे कट-ऑफ होता एक पॉइंट दोन
आणि मी केवढी वर!
डॉक्टर म्हणाले, खास औषध नाही, पडून राहा.
नवी पेठेत पडून राहायला
सहा बाय तीन जागा आहे माझ्या नावावर,
महिना अडीच हजार, डिपॉझिट वेगळं.

मालकीणबाई दारातूनच म्हणाल्या, पसरतं का हो हे?
मेसच्या शेवंताकाकूंनी माझं ताट वेगळं काढलं.
हळद बंद, तेल बंद.
पांढरं वरण, पांढरा भात, मुळ्याच्या चकत्या,
आणि घास घेणारा हात तेवढा
हळदीला बसल्यासारखा.

आईचा फोन. कुणाला सांगू नको.
मार्चमध्ये बघायला यायचेत ते लोक.
तोवर उतरेल ना रंग?
तिने एसटीच्या कंडक्टरबरोबर माळ पाठवली,
कसल्याशा मुळ्यांची.
डोक्यावर ठेवायची, कावीळ उतरेल तशी ती लांबत जाते,
पायापर्यंत आली की सुटका.
मुळ्या सुकतात, दोरा सैल होतो, माळ लांबते.
सामान्य विज्ञान, चौथं प्रकरण.
मला ठाऊक होतं.
तरी रात्री पांघरुणात
बोटांनी मोजायचे.

गेल्या वर्षीच्या पेपरात एक म्हण होती.
कावीळ झालेल्याला सगळं पिवळं दिसतं.
योग्य अर्थ निवडा.
मी तिसरा गोल काळा केला. बरोबर आला.
तो मार्क परत करायला हवा.

कारण मला काहीच पिवळं दिसत नव्हतं.
पर्वती तिच्या जागी, मातकट.
चौकातल्या होर्डिंगवर निवड झालेल्यांचे फेटे गुलाबी,
एकाच्या कानात गुलाल राहिलेला,
तोही दिसला.
गच्चीवरची टाकी काळी,
झाकण नाही,
काठाला शेवाळ हिरवंगार,
पाण्यावर कबुतराचं पीस, राखाडी, हळूहळू फिरत.
मी फोटो काढला. मालकीणबाईंना दाखवला.
आमच्याकडे फिल्टर आहे, त्या म्हणाल्या.

पिवळं लोकांना दिसत होतं.
मी.

नऊ चार. सहा. साडेपाच. मग एकदम तीन.
रोज सकाळी दैवशाला मला कठड्याशी उभी करायची,
पापणी ओढायची, शेरा द्यायची.
मोहरी. लिंबू. साय.
मी विचारायचे, आज पास का?
ती म्हणायची, मुख्य परीक्षा बाकी आहे बाई.

आज ओढली आणि थांबली.
मग गच्चीभर ओरडली,
पांढरं! गं पांढरं!
शेजारच्या इमारतीत कुणी ब्रश करत होतं, तेही थांबलं.

ती इतकी जवळ होती,
ऊन थेट तिच्या तोंडावर,
हसून डोळे ओले,
आणि डाव्या डोळ्याच्या कोपऱ्यात,
नाकाकडच्या बाजूला,
नखाने ओढल्यासारखी एक रेघ.

माझी नजर अजून आजारी असेल,
असं मी स्वतःला दोनदा सांगितलं.

ती चहा घेऊन आली होती, प्लास्टिकच्या पिशवीत, दोन कटिंग.
म्हणाली, मला नको वाटतोय दोन दिवस झाले, तूच घे.

मी दोन्ही कप भरले.
मग तिची हनुवटी धरली.